लाखोळीतले ‘ओडॅप’ हे प्रथिन नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

लाखोळीच्या, म्हणजे खेसारीच्या, डाळीवर दर हिवाळ्यात काही ना काही छापून येते. तिच्या दाण्यातला जो घटक फार काळ पोटभर खाल्ल्यास पाय अधू करतो, तो ‘ओडॅप’. हा शब्द त्यात हमखास असतो आणि बहुतेक वेळा चुकीच्या अर्थाने असतो. कुठे ‘ओडॅप नावाचे विषारी प्रथिन’ असते, कुठे ‘शिजवल्यावर ओडॅप जळून जाते’ असा दिलासा असतो, तर कुठे ‘लाखोळीत अमिनो आम्ले भरपूर, म्हणून ती पौष्टिक’ एवढेच सांगून विषय संपवलेला असतो. भंडारा, गोंदिया, गडचिरोली, चंद्रपूरचा धानपट्टा आणि नागपूर जिल्ह्यातले उमरेड, कुही, मौदा या भागांत लाखोळी घरोघरी खाल्ली जाते. इथे हा घोटाळा कागदावर राहत नाही, तो चुलीपर्यंत पोहोचतो. ओडॅप म्हणजे नेमके काय हे कळले तर डाळ कशी करायची तेही कळते. अर्थ चुकला की रीतही चुकते.

पहिली दुरुस्ती हीच की ओडॅप हे अमिनो आम्ल आहे, प्रथिन नाही. प्रथिन म्हणजे अमिनो आम्लांची लांबलचक साखळी. शरीरातली आणि धान्यातली प्रथिने वीस ठरावीक अमिनो आम्लांपासून बनतात, ओडॅप त्या विसांत नाही. ते कोणत्याही साखळीत गुंफलेले नसते, दाण्याच्या पेशींत सुटे असते. अशा पदार्थांना ‘अप्रथिन अमिनो आम्ल’ म्हणतात. हा भेद पुस्तकी वाटेल, म्हणून सोयाबीनकडे बघू. सोयाबीनमध्ये पचनाला अडथळा करणारा ट्रिप्सिनरोधक असतो आणि तो प्रथिन असतो. ओल्या उष्णतेने त्याची घडी मोडते आणि तो निकामी होतो. त्यामुळे ‘सोयाबीन नीट शिजवून खा’ हा सल्ला बरोबर आहे. एरंडीतले रायसिनही प्रथिनच, तेही उष्णतेने मोडते. ओडॅपला मोडायला अशी घडीच नाही. तो लहानसा, पाण्यात सहज विरघळणारा रेणू आहे. कुकरच्या कितीही शिट्ट्या झाल्या तरी पाणी त्याच भांड्यात राहिले तर ओडॅपही बहुतांशी तिथेच राहते. सोयाबीनचा सल्ला लाखोळीला लावला की नेमके इथे फसायला होते. लाखोळीचे खरे औषध निथळलेले पाणी आहे, आच नव्हे.

आता नावाकडे वळू. पूर्ण नाव असे: बीटा-एन-ऑक्झॅलिल-एल-अल्फा,बीटा-डायअमिनोप्रोपिऑनिक आम्ल. वाचताना जीभ अडखळते, पण हे नाव सातबाऱ्यासारखे आहे, कोणती जमीन, कोणाचा हिस्सा आणि कशावर बोजा ते क्रमाने सांगणारे. ‘प्रोपिऑनिक’ म्हणजे तीन कार्बनचा सांगाडा. ‘डायअमिनो’ म्हणजे त्यावर दोन अमिनो गट, एक आम्लगटाला लागून असलेल्या अल्फा कार्बनवर आणि दुसरा त्यापुढच्या बीटा कार्बनवर. ‘ऑक्झॅलिल’ म्हणजे ऑक्झॅलिक आम्लाचा तुकडा. ‘बीटा-एन’ सांगते की हा तुकडा बीटा कार्बनवरच्या नायट्रोजनला चिकटला आहे. ‘एल’ ही रेणूची डावी बाजू, जी प्रथिनांतल्या अमिनो आम्लांचीही असते. सूत्र सी५ एच८ एन२ ओ५, रेणुभार १७६.

या नावात ‘अल्फा’ आणि ‘बीटा’ दोन वेगळ्या कामांसाठी येतात, आणि जाणकारांचाही गोंधळ इथेच होतो. ‘अल्फा,बीटा-डायअमिनो’ मध्ये ते अमिनो गटांच्या जागा दाखवतात. ‘बीटा-ओडॅप’ किंवा ‘अल्फा-ओडॅप’ म्हटले की ऑक्झॅलिलचा तुकडा कोणत्या अमिनो गटावर आहे ते कळते. दाण्यात मुख्यत्वे, साधारण ९५ टक्के, बीटा रूप असते आणि मज्जातंतूंना घातक तेच. अल्फा रूप बरेच कमी विषारी आहे. पाण्यात तापवले की तुकडा एका जागेवरून दुसऱ्या जागेवर सरकतो आणि बीटाचे काही अल्फा होते. पण हे रूपांतर दोन्ही दिशांनी चालते. बीटा साठ आणि अल्फा चाळीस अशा प्रमाणाच्या आसपास ते थबकते, त्यापुढे उकळत ठेवून फारसे हाती लागत नाही. ‘शिजवल्यावर जळून जाते’ या वाक्यात खरे असलेच तर एवढेच.

याच पदार्थाला काही लेखांत ‘बीओएए’ म्हटलेले असते, म्हणजे बीटा-एन-ऑक्झॅलिल-अमिनो-एल-अ‍ॅलॅनिन. चिनी औषधी वनस्पतींवरच्या लिखाणात तोच ‘डेन्सिचिन’ होतो. तीन नावे, पदार्थ एक. लाखोळीत ओडॅप आणि शिवाय बीओएए अशी दोन विषे असल्याचे वाचायला मिळते, ते चुकीचे आहे. उलट ‘बीएपीएन’ म्हणजे बीटा-अमिनोप्रोपिओनायट्राइल हा खरोखरच वेगळा पदार्थ आहे. तो शोभेच्या स्वीट पी या वेलीच्या दाण्यांशी निगडित आहे. त्याने कोलॅजेनची वीण बिघडते आणि हाडे व रक्तवाहिन्या दुबळ्या होतात. दोन्ही विकारांना इंग्रजीत ‘लॅथिरिझम’ म्हणण्याची रूढी असल्यामुळे भाषांतरात हाडे आणि मज्जातंतू एकमेकांत मिसळतात. लाखोळीने होतो तो मज्जातंतूंचा विकार आहे, हाडांचा नाही.

ओडॅप ओळखले गेले १९६४ साली. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत एस. एल. एन. राव, पी. आर. आडिगा आणि पी. एस. सर्मा यांनी लाखोळीच्या दाण्यातून ते वेगळे काढून त्याची रचना सिद्ध केली. विकार मात्र मध्य भारताला त्याआधी शंभरावर वर्षे ठाऊक होता. दुष्काळात बाकी पिके गेली तरी लाखोळी तग धरते. मग मजुरीही लाखोळीत मिळे, भाकरीही तिचीच होई आणि काही महिन्यांत तरणीताठी माणसे काठीवर येत.

हे का होते, तेही रेणूच्या घडणीत आहे. मेंदू आणि मेरुरज्जूतल्या पेशी एकमेकींना निरोप देण्यासाठी ग्लुटामिक आम्ल वापरतात, आणि ते प्रथिनांतल्या वीस अमिनो आम्लांपैकी एक आहे. त्याच्या दोन्ही टोकांना आम्लगट असतात. ऑक्झॅलिलचा तुकडा लागल्यामुळे ओडॅपच्याही दोन्ही टोकांना आम्लगट येतात. पेशीवरचा ‘आम्पा’ नावाचा ग्राहक ग्लुटामिक आम्ल समजून त्याला जागा देतो. खरे ग्लुटामिक आम्ल काम झाले की लगेच उचलले जाते, तशी याची विल्हेवाट लागत नाही. पेशी नको तितकी उत्तेजित होत राहते आणि अखेर मरते. फटका बसतो तो मुख्यतः पायांच्या हालचाली चालवणाऱ्या पेशींना. सुरुवातीला पोटऱ्यांत गोळे, पाय जड होणे, उकिडवे बसून उठताना त्रास. पुढे पाय ताठर होतात, गुडघे एकमेकांवर घासतात आणि माणूस चवड्यांवर चालू लागतो. संवेदना आणि बुद्धी शाबूत राहतात. मेलेल्या पेशी परत येत नाहीत आणि त्यावर औषध नाही, पण लाखोळी बंद केली तर सहसा विकार आणखी वाढत नाही. म्हणून पोटऱ्यांत गोळे आणि जडपणा या टप्प्यावर, घरात लाखोळीच मुख्य अन्न असेल, तर ती त्याच दिवशी बंद करून दवाखाना गाठावा. डॉक्टरांनाही रोज किती लाखोळी खाण्यात होती ते सांगावे, ते आपणहून विचारतीलच असे नाही.

‘अप्रथिन अमिनो आम्ल’ म्हणजे विष, असेही कोणी समजू नये. टरबुजातले सिट्रुलिन याच वर्गातले आहे आणि ते निरुपद्रवी आहे. धुऱ्यावरच्या खाजकुहिलीच्या बियांत एल-डोपा असते, त्याचा उपयोग कंपवातावर होतो. सुबाभळीच्या पाल्यात मिमोसिन असते. शेळ्या-मेंढ्यांना सतत तोच पाला घातला तर केस गळतात आणि थायरॉइड बिघडतो, थोडा मिसळून घातला तर चालतो. लाखोळीच्या दाण्यातच होमोआर्जिनिन नावाचे आणखी एक अप्रथिन अमिनो आम्ल असते, त्याचा या विकाराशी संबंध नाही. तेव्हा ‘लाखोळीत अमिनो आम्ले आहेत’ या वाक्यातून पौष्टिकता सिद्ध होत नाही आणि विषारीपणाही नाही. कोणते, सुटे की साखळीतले आणि किती, हे सांगितल्याशिवाय ते वाक्य पोकळ आहे. कृषी केंद्रात कपाशीवर फवारायला ‘अमिनो’ म्हणून बाटल्या मिळतात. त्यांत प्रथिने मोडून काढलेला अर्क असतो, त्याचा ओडॅपशी काडीचा संबंध नाही. पण शब्द तोच कानावर पडत असल्यामुळे ‘अमिनो’ म्हणजे काहीतरी ताकदीचे, असा समज गावात पक्का झाला आहे.

‘किती’ या प्रश्नावर जरा रेंगाळावे लागेल, कारण सर्वांत जास्त गोंधळ आकड्यांत आहे. आपल्याकडच्या जुन्या स्थानिक लाखोळीत ओडॅप साधारण ०.२ ते ०.५ टक्के असते, कधी त्याहून जास्त. सुधारित वाणांत ते ०.१ टक्क्याच्या आत राखलेले आहे. नवी दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेने ऊतिसंवर्धनातून काढलेला रतन, रायपूरच्या इंदिरा गांधी कृषी विश्वविद्यालयाचे प्रतीक आणि महातिवडा हे असे वाण. ओडॅप अजिबात नाही, असा वाण बाजारात नाही. ०.१ टक्का म्हणजे १०० ग्रॅममध्ये १०० मिलिग्रॅम, किलोत १ ग्रॅम, किंवा दशलक्षांत १००० भाग. एकच नमुना एका अहवालात ‘०.०७’, दुसऱ्यात ‘७००’ आणि तिसऱ्यात ‘०.७’ असा छापलेला असू शकतो, आणि एककाकडे न पाहता ७०० वाचून लोक घाबरतात. पहिला आकडा टक्क्यांत आहे, दुसरा दशलक्ष भागांत आणि तिसरा ग्रॅममागे मिलिग्रॅममध्ये. तिन्ही एकच आहेत.

एकक कळले तरी आकडा कशावर काढला ते विचारावे. समजा, जशाच्या तशा नमुन्यावर ०.०९५ टक्का आला आणि नमुन्यात १२ टक्के ओलावा होता. कोरड्या वजनावर तोच आकडा ०.१०८ होतो. ०.१ ची रेघ एका हिशेबाने पाळली गेली आणि दुसऱ्याने ओलांडली. अख्खा दाणा की डाळ, हेही महत्त्वाचे. ओडॅप मुख्यतः दळात, म्हणजे ज्याची डाळ होते त्या भागात असते, टरफलात कमी. टरफल निघाले की वजन घटते आणि डाळीतला टक्का दाण्यापेक्षा थोडा वर जातो. शिवाय तपासणीची पद्धत. प्रयोगशाळांत सर्रास वापरली जाते ती राव यांनीच १९७८ मध्ये दिलेली रंगमापन पद्धत. पीठ ६० टक्के अल्कोहोलमध्ये ढवळून अर्क काढतात. तो पोटॅशियम हायड्रॉक्साइडबरोबर उकळत्या पाण्यावर अर्धा तास ठेवतात, म्हणजे ऑक्झॅलिलचा तुकडा सुटतो. उरलेल्या डायअमिनोप्रोपिऑनिक आम्लाला ऑर्थो-थॅलाल्डिहाइडने पिवळा रंग आणून तो ४२० नॅनोमीटरला मोजतात. पद्धत स्वस्त आणि चांगली आहे, पण तुकडा काढूनच टाकल्यामुळे तो अल्फावर होता की बीटावर, हे तिला कळत नाही. ती एकूण ओडॅप सांगते. कच्च्या दाण्यात त्याने मोठा फरक पडत नाही, शिजवलेल्या डाळीत मात्र पडतो. तिथे दोन्ही रूपे वेगळी मोजणारी एचपीएलसी नावाची पद्धत लागते. शिवाय रंगमापनात उकळायच्या आधीचा एक कोरा नमुना मोजून वजा करायचा असतो, तो टाळला तर आकडा फुगतो.

प्रथिनाच्या आकड्याचेही तसेच. लाखोळीत २८ टक्क्यांच्या आसपास प्रथिने, असे छापले जाते. तो आकडा एकूण नायट्रोजन मोजून त्याला ६.२५ ने गुणून येतो. ओडॅपमध्ये सुमारे १६ टक्के नायट्रोजन आहे, म्हणजे १०० ग्रॅम डाळीतले ३०० मिलिग्रॅम ओडॅप त्या हिशेबात ३०० मिलिग्रॅम ‘प्रथिन’ म्हणून जमा होते. २८ ग्रॅमपुढे ते नगण्य आहे, त्यामुळे प्रथिनाचा आकडा खोटा ठरत नाही. पण त्या आकड्यावरून ओडॅपविषयी काहीच कळत नाही. पाकिटावर ‘प्रथिने २८ टक्के’ वाचून डाळ निर्धोक समजणाऱ्यांनी एवढे ध्यानात घ्यावे.

आता स्वयंपाकघर. लाखोळीच्या डाळीचे वडे, वरण, झुणका, पातोडी आणि पिठाची भाकरी, या सगळ्यांत धोका सारखा नाही. वड्यांची डाळ भिजवून, पाणी काढून वाटली जाते, त्यामुळे त्यातले काही ओडॅप पाण्याबरोबर जाते. वरणात डाळ आणि पाणी दोन्ही खाल्ले जाते, म्हणून काहीच जात नाही. झुणका आणि पातोडी कोरड्या दळलेल्या बेसनाची, तिथेही काही जात नाही. पण ती तोंडीलावण्यापुरती असतात. सर्वांत वाईट लाखोळीच्या पिठाची भाकरी, कारण ओडॅप पूर्ण राहते आणि माणूस पोटभर खातो. पूर्वी माणसे अधू झाली ती वड्यांनी नव्हेत, दोन-तीन महिने सलग तिची भाकरी आणि घाटा, म्हणजे पिठाची पातळ लापशी, यांवर काढल्यामुळे. एकूण आहाराच्या तिसऱ्या हिश्शाच्या आसपास किंवा त्याहून जास्त लाखोळी सलग काही महिने, अशी विकाराची परिस्थिती ठिकठिकाणी नोंदली गेली आहे.

रीत साधी आहे. एक किलो डाळ निवडून दोन पाण्यांनी धुवावी. चार-पाच लिटर पाणी उकळून खाली उतरवावे, त्यात डाळ घालून झाकण ठेवावे आणि तीन-चार तास तशीच राहू द्यावी. मग पाणी पूर्ण निथळून फेकावे आणि ताज्या पाण्याने डाळ एकदा खळखळून घ्यावी. भरपूर गरम पाणी वापरले तर यात साधारण ७० ते ८० टक्के ओडॅप निघते. थंड पाण्यात रात्रभर भिजवूनही निघते, पण बरेच कमी, कारण जिवंत दाण्याच्या पेशी आपल्यातले सुटे पदार्थ धरून ठेवतात आणि गरम पाण्याने ती पकड सुटते. अख्ख्या लाखोळीपेक्षा डाळीतून लवकर निघते, टरफल आड येते. वरणासाठी दुसरी सोय आहे. मोठ्या पातेल्यात भरपूर पाण्यात डाळ उकळावी, अर्धी शिजली की पाणी ओतून द्यावे आणि नवीन पाण्यात शिजवावी. झुणक्या-पातोडीसाठी बेसन हवे असेल तर अशीच निथळलेली डाळ स्वच्छ कपड्यावर पातळ पसरून दोन दिवस कडक उन्हात वाळवावी आणि मग दळावी. बचतगट लाखोळीचे पीठ वा पापड करतात त्यांच्यासाठी हाच टप्पा महत्त्वाचा.

बिघडते कुठे, तेही सांगायला हवे. पाणी कमी घेतले की ते लवकर ओडॅपने भरते आणि डाळीतून आणखी निघत नाही. डाळीच्या दुप्पट पाण्यात भिजवून कामापुरते झाले, असे समजणे चूक. दुसरी चूक जास्त घडते. ‘डाळीचे सत्त्व’ म्हणून तेच पाणी वरणात किंवा कणीक मळायला वापरले जाते. मग भिजवले काय आणि न भिजवले काय! पाण्याबरोबर ब गटातली काही जीवनसत्त्वे जातात हे खरे. ती पालेभाजीतून भरून काढावीत, त्यासाठी ओडॅप ठेवून घेऊ नये. उन्हाळ्यात गरम पाण्यातली डाळ रात्रभर राहिली तर आंबूस वास येतो. तीन-चार तासच ठेवावी. वाळवण दमट राहिले तर पिठाला बुरशी लागते आणि एक धोका काढून दुसरा घरात येतो. लाखोळीला मोड आणल्याने ओडॅप कमी होते, हा समज तर उलटाच आहे. मोड येताना ते वाढते. कोवळ्या पाल्यातही ते असते, म्हणून लाखोळीची भाजी उकडून, पाणी पिळून मगच फोडणीला टाकावी. पाला वाळवून ठेवणाऱ्यांनीही भाजी करताना हेच करावे.

हिशेब मांडला म्हणजे भीतीचेही प्रमाण कळते. ०.४ टक्के ओडॅपच्या स्थानिक डाळीचे ५० ग्रॅम म्हणजे २०० मिलिग्रॅम. नीट निथळून तीन-चतुर्थांश गेले तर उरतात ५० मिलिग्रॅम, म्हणजे ०.१ टक्क्याच्या सुधारित डाळीचे ५० ग्रॅम न भिजवता खाल्ल्याइतके. उलट सुधारित वाणाचे ३०० ग्रॅम पीठ भाकरीत गेले तर ३०० मिलिग्रॅम होतात. ‘कमी ओडॅप’ अशी चिठ्ठी बघून रोज भाकरी खाणारा, स्थानिक डाळीची वाटी निथळून खाणाऱ्याच्या सहापट ओडॅप घेतो. ०.१ टक्का हा वाण निवडतानाचा संकेत आहे, पोटभर खाण्याचा परवाना नव्हे. लाखोळीत लायसिन भरपूर आणि गंधकयुक्त अमिनो आम्ले, म्हणजे मेथिओनिन व सिस्टीन, कमी असतात. ओडॅपच्या माऱ्यातून पेशी वाचवायला शरीराला ही गंधकयुक्त आम्लेच लागतात. म्हणून ती भाताबरोबर किंवा ज्वारीच्या भाकरीबरोबर डाळ म्हणूनच खावी, धान्याच्या जागी नाही.

शेतातली बाजू थोडक्यात. धान कापणीच्या दहा-पंधरा दिवस आधी उभ्या धानात बी फोकून, उरलेल्या ओलीवर ही उतेरा लाखोळी येते. ओल लवकर तुटली तर दाण्यात ओडॅप वाढते. जमिनीत जस्त कमी असले तरी वाढते, असे प्रयोगांत दिसले आहे, आणि धानाच्या बांध्यांत जस्ताची कमतरता नवी नाही. धानाला माती परीक्षणानुसार झिंक सल्फेट दिले तर मागून येणाऱ्या लाखोळीलाही त्याचा आधार होतो. सुधारित बी एकदा आणले की कायमचे काम झाले, असे नाही. पीक मुख्यतः स्वपरागी असले तरी मधमाश्यांमुळे शेजारच्या स्थानिक लाखोळीशी थोडा संकर होतो, मागच्या वर्षीचे सांडलेले दाणे उगवतात आणि खळ्यात सरमिसळ होते. तीन-चार हंगामांनी बी बदलावे. एका वर्षी एका वावराच्या मालावर काढलेला अहवाल पुढच्या वर्षीच्या मालाला दाखवणे, ही फसवणूक नसली तरी चूक आहे.

बाजारात लाखोळीची डाळ तूर आणि हरभऱ्याच्या डाळीत मिसळली जाते. तुरीची डाळ गोलसर असते. लाखोळीची एका बाजूला उतरती, कडा असलेली, पाचरीसारखी असते. थाळीत पसरून नखाने वेगळी करता येते. बेसनात ते शक्य नाही. बेसनात सौम्य हायड्रोक्लोरिक आम्ल घालून कोमट ठेवल्यावर गुलाबी रंग आला तर लाखोळी, अशी चाचणी सांगितली जाते. पण मेटानिल यलो हा बंदी असलेला पिवळा रंगही आम्लाने गुलाबी होतो आणि तो लगेच होतो. आम्ल पडताक्षणी गुलाबी झाले तर आधी रंगाचा संशय घ्यावा. दोन्ही बाबतींत ही चाचणी ओडॅप मोजत नाही. अन्न सुरक्षेच्या २०११ च्या केंद्रीय नियमांत राज्याने अधिसूचना काढल्यास खेसारी, म्हणजेच लाखोळी, तिची डाळ, पीठ आणि हरभऱ्याबरोबरचे मिश्रण, सर्वांच्याच विक्रीवर निर्बंध येतात. तिथे ओडॅपच्या टक्क्याचा प्रश्नच येत नाही. त्यामुळे ‘आमच्या मालात ओडॅप कमी आहे’ हे उत्तर भेसळीच्या प्रकरणात उपयोगाचे नाही.

आपल्या दैनिकाला विनंती एवढीच, की लाखोळीवर मजकूर छापताना ‘विषारी प्रथिन’ हा शब्दप्रयोग काढून टाकावा आणि ‘ओडॅप हे पाण्यात विरघळणारे अमिनो आम्ल’ असे लिहावे. टक्केवारी दिली तर अख्खा दाणा की डाळ, कोरडे वजन की जसेच्या तसे आणि एकूण ओडॅप की बीटा, हे तीन शब्द सोबत असावेत. पाककृतीच्या पानावर लाखोळीचे वडे किंवा पातोडी आली, तर साहित्याच्या यादीत ‘लाखोळीची डाळ, गरम पाण्यात तीन तास भिजवून, पाणी फेकून’ एवढे छापावे. ओळभराचीच जागा लागेल.

आपले,
रसायनशास्त्र व कृषी विषयाचे काही शिक्षक,
ता. लाखांदूर, जि. भंडारा